कोयत्यावर गेलेल्यांचं मत : प्रकल्प नोंदी, बीड जिल्हा, जून २०२४ ते मार्च २०२५

२२ जून २०२४

गटाची पहिली बैठक शाळेच्या व्हरांड्यात झाली. काम ठरलं : आमच्या भागातली चार गावं आणि त्यांच्या वस्त्या-तांडे, तिथलं प्रत्येक ऊसतोड कुटुंब, आणि त्या कुटुंबातल्या अठरा वर्षांवरच्या प्रत्येक माणसाचं मतदार यादीतलं नाव.

कारण १३ मेला डोळ्यांनी पाहिलं. लोकसभेच्या मतदानाला ऊस तोडणाऱ्या बहुतेक टोळ्या घरी होत्या. कारखान्यांचे पट्टे कधीच पडले होते (हंगाम संपला होता), म्हणजे यायला काही अडचण नव्हती. तरी केंद्रावरून माणसं हातात कार्ड धरून परत फिरत होती. कार्ड खरं, फोटो त्यांचाच, पण यादीत नाव नाही. कार्ड आहे म्हणजे मत आहे, असंच सगळे धरून चालतात. मत देता येतं ते यादीत नाव असेल तर. कार्ड फक्त ओळख पटवायला लागतं, आणि ते नसलं तर आधार, पॅन, रोजगार हमीचं जॉबकार्ड, फोटो असलेलं पासबुक यांवरही काम भागतं. नाव गळालं की मात्र कोणतंच कार्ड उपयोगाचं नाही.

दुसरी काळजी पुढची आहे. विधानसभेची मुदत २६ नोव्हेंबरला संपते. २०१४ ला मतदान १५ ऑक्टोबरला होतं, २०१९ ला २१ ऑक्टोबरला. दोन्ही वेळा दिवाळीच्या आधी, म्हणजे ऊसतोडीला निघायच्या गाड्या भरायच्या आधी. यंदा लक्ष्मीपूजन १ नोव्हेंबरला आहे. मतदान दिवाळीच्या पलीकडे गेलं तर आमची निम्मी गावं सांगली, कोल्हापूर, सातारा, सोलापूर, नाही तर थेट कर्नाटकात असतील. तारीख आपल्या हातात नाही. यादी मात्र आहे, आणि तिच्यावर काम करायला पावसाळ्याचे हे महिने आहेत. दरवर्षीचा यादी दुरुस्तीचा कार्यक्रम आमच्या लोकांना कधीच सोयीचा नसतो. मागच्या वर्षी हरकती आणि दावे २७ ऑक्टोबर ते ९ डिसेंबर या काळात घेतले. त्या दिवसांत हे लोक उसाच्या फडात असतात. घरी म्हातारी माणसं, त्यांच्यापाशी ठेवलेली शाळेतली लेकरं, नाही तर दाराला कुलूप.

९ जुलै

सेतू केंद्रावर पाय ठेवायला जागा नाही. 'लाडकी बहीण'चे अर्ज सुरू झाल्यापासून बाया पहाटेपासून रांगेत असतात. अधिवास दाखल्याच्या जागी पंधरा वर्षांपूर्वीचं रेशनकार्ड, मतदार कार्ड, शाळा सोडल्याचा दाखला किंवा जन्मदाखला चालेल असं सरकारनं जाहीर केलं, आणि पेटीच्या तळाशी पडलेली मतदार कार्डं एकदम बाहेर आली. आम्ही सेतूच्या शेजारच्या ओट्यावरच टेबल टाकलं. अर्जासाठी कागद आणलेलेच असतात. तेवढ्यात यादीतलं नाव बघून देतो.

सगळ्यात जास्त अडचण नव्या सुनांची. नाव माहेरच्या यादीत, राहणं सासरी, आधारवर कुठे बापाचं नाव तर कुठे नवऱ्याचं. त्यांना नमुना ६ भरायचा नाही, नमुना ८ भरायचा. पहिल्यांदा नोंदणी असेल तर ६. पत्ता बदलणं, नाव-वयाची दुरुस्ती, हरवलेलं कार्ड, दिव्यांग म्हणून नोंद, हे सगळं ८ मध्ये. नाव कमी करायचा तो नमुना ७. हे तीन आकडे आता गटातल्या पोरींना पाठ झालेत. सुनेसाठी नवा ६ भरला तर नाव दोन ठिकाणी येतं, मग कोणी तरी हरकत घेतं आणि कधी कधी नेमकं सासरचं नाव उडतं.

दुपारी एक आजी आल्या. यादीत नवऱ्याचं नाव नीट छापलेलं, त्यांच्या स्वतःच्या नावाच्या जागी घरातलं हाकेचं नाव, तेही चुकीचं. पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीची गोष्ट त्यांना सांगितली. १९५१-५२ च्या त्या याद्या करताना उत्तरेकडच्या कित्येक बायांनी स्वतःचं नाव सांगितलंच नाही, 'अमक्याची बायको', 'तमक्याची आई' एवढंच सांगितलं. मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांनी अशा नोंदी घ्यायला नकार दिला आणि सुमारे २८ लाख बाया यादीबाहेर राहिल्या. आजी म्हणाल्या, "माझं नाव लिही मग. पूर्ण लिही. बापाचं बी टाक, नवऱ्याचं बी टाक." नमुन्यात नातेवाइकाची एकच जागा असते. नवऱ्याचं टाकलं. त्यांचं स्वतःचं नाव तीन वेळा विचारून लिहिलं.

१८ जुलै

बीएलओ (मतदान केंद्राची यादी सांभाळणाऱ्या) ताईंबरोबर वस्तीवर फिरले. त्या अंगणवाडी सेविका आहेत. पोषण आहार, लाडकी बहीणचे अर्ज, लसीकरण आणि वर ही घरोघरीची पडताळणी. त्यांच्यावर राग धरून काही मिळणार नाही, हे मी गटात पहिल्या दिवसापासून सांगते आहे.

त्यांच्या जुन्या वहीत काही घरांपुढे 'स्थलांतरित' असा शेरा होता. विचारलं तर म्हणाल्या, मागच्या हिवाळ्यात दोनदा गेले, दोन्ही वेळा कुलूप. ज्या घरांचं त्या बोलत होत्या त्यांपैकी एका घरात आम्ही बसलो होतो, चहा पीत होतो, आणि घरमालक आमच्यासमोर छपराचे पत्रे बदलत होता.

लोकप्रतिनिधित्व अधिनियम १९५०, कलम २० मी छापून नेलं होतं. त्यात स्वच्छ लिहिलंय की सर्वसाधारण रहिवासाच्या जागेपासून कोणी तात्पुरता दूर गेला, तर तेवढ्या कारणानं त्याचा तिथला रहिवास संपत नाही. ताईंना वाचून दाखवलं. कालच आषाढी झाली, गावातली दिंडीला गेलेली माणसं अजून परतायची आहेत. त्यांच्या घराला कुलूप दिसलं म्हणून कोणी 'स्थलांतरित' लिहीत नाही. वारकरी महिन्यानं येतो, तोडकरी पाच-सहा महिन्यांनी येतो. येतात दोघंही, आणि येतात आपल्याच घरी.

ताईंना पटलं. त्या म्हणाल्या, "मला वरून विचारतात ना, घर बंद तर काय लिहिलं? मी काय लिहू?" हा खरा प्रश्न आहे. यावर आम्ही मिळून एक साधा कागद तयार केला : कुटुंबप्रमुखाचं नाव, कोणत्या महिन्यात जातात, कोणत्या महिन्यात येतात, मागे घरात कोण असतं, दोन फोन नंबर. खाली कुटुंबातल्या मोठ्या माणसाची सही किंवा अंगठा. ताई हा कागद आपल्या वहीला जोडणार. वरून कोणी विचारलं तर दाखवायला हातात काही तरी राहील.

नोंद : नाव वगळण्यापूर्वी त्या माणसाला नोटीस देणं आणि म्हणणं मांडायची संधी देणं बंधनकारक आहे. नोटीस घरी येते तेव्हा माणूस फडात असतो, म्हणून मागे राहणाऱ्या आजी-आजोबांना सांगून ठेवायचं की तहसीलचा कोणताही कागद आला तर फोटो काढून पाठवा. वगळण्याचा आदेश निघालाच तर पंधरा दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे अपील करता येतं.

१० ऑगस्ट

प्रारूप यादीचं चावडी वाचन. आज शनिवार, विशेष शिबिराचा दिवस, बीएलओ ताई केंद्रावर हजर. यादी भाग मोठ्यानं वाचला. हा प्रकार मला सगळ्यात आवडतो, कारण यात पडद्यावर नाव शोधण्याची सक्ती नाही, अक्षर येतं की नाही याचा प्रश्न नाही. नाव ऐकलं की माणूस "हाय" म्हणतो. वारलेल्यांची नावं आली की शांतपणे कोणी तरी सांगतं, "गेले ते." ज्यांचं नाव येत नाही ते वाचन संपेपर्यंत उठत नाहीत.

एका घरानं मुलीचा नमुना ६ भरायचा आग्रह धरला. लग्न झालंय, वय अठरा सांगितलं. शाळेच्या दाखल्यावरून सतरा वर्षं आणि काही महिने. तो अर्ज अठराची म्हणून भरला नाही. सतरा पूर्ण झाले की आगाऊ अर्ज करता येतो, आणि १ जानेवारी, १ एप्रिल, १ जुलै, १ ऑक्टोबर यांपैकी ज्या तारखेला अठरा पूर्ण असतील तेव्हा नाव चढतं, तो मार्ग सांगितला. पण या मुलीची गोष्ट मतदानाच्या अर्जापाशी संपत नाही. कोयता म्हणजे जोडपं. जोडपं असलं तर उचल (आगाऊ पैसे) मिळते, म्हणून मुलींची लग्नं लवकर लागतात. आमच्या जिल्ह्याला हे नवं नाही. तिच्या आईशी वेगळं बोलले. अंगणवाडीतल्या ताईंनाही सांगून ठेवलं. पुढे तिच्याशी बोलत राहायचं.

१५ ऑगस्ट

ग्रामसभा. तिच्या आधी महिला सभा घ्यावी असं कायदा सांगतो, आमच्या दोन गावांत ती या वेळी खरोखर झाली. यादीचा विषय बायांनीच काढला. ठराव : हंगामी स्थलांतरित कुटुंबांची नावं 'घर बंद' या कारणावरून वगळू नयेत. प्रत तहसीलला.

२ सप्टेंबर

पोळा. गाडीवाल्यांच्या दारात बैल रंगवून उभे. अंतिम यादी गेल्या आठवड्यात आली. सण म्हणून सगळे घरी सापडतात, त्यामुळे घरोघर जाऊन तपासणी आजच केली. बहुतेक नवे अर्ज यादीत आले आहेत. काही आले नाहीत. एका वस्तीवरचे जवळजवळ सगळे अर्ज नामंजूर, शेरा 'पत्त्याचा पुरावा अपुरा'. ही गायरानातली वस्ती, वीजबिल नाही, सातबारा नाही. पण आधारवर तोच पत्ता आहे आणि आधार पत्त्याच्या पुराव्यात मोजलं जातं. पुन्हा भरायचे, या वेळी सरपंचांचं पत्र जोडून. बीएलओ स्वतः जाऊन पाहणी करू शकतात, तशी विनंती अर्जावरच लिहिली.

२८ सप्टेंबर

मुकादमांची, म्हणजे टोळ्या नेणाऱ्यांची, बैठक. आमच्याकडे मुकादम म्हटलं की लोक दोन टोकांचं बोलतात. मी एवढंच म्हणते की फडातली सुट्टी त्यांच्या हातात आहे, म्हणून त्यांच्याशी बोलल्याशिवाय मत होणार नाही.

अडचण त्यांनीच नीट मांडली. कारखान्याकडून किंवा वाहतूक ठेकेदाराकडून त्यांनी पैसे उचललेले, त्यातून कोयत्यांना उचल दिलेली. काही जोडप्यांची उचल लाखाच्या पुढे. टोळी एक दिवस बसली की गाडी बसते, गाडी बसली की त्यांचा हिशेब बसतो. म्हणून खाडा (कामाला दांडी) केला की दंड. जानेवारीत तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ झाली ती चांगलीच गोष्ट, पण त्यामुळे एका दिवसाचा खाडाही आता जास्त महाग पडतो. दूरच्या फडातून यायचं तर एक दिवस पुरत नाही. जायचा एक, मताचा एक, परतीचा एक.

म्हणजे आमच्या माणसाचं मत तीन दिवसांच्या मजुरीला पडतं. दंड आणि भाडं वेगळं. शहरात केंद्र चालत जाण्याच्या अंतरावर असतं आणि वर पगारी सुट्टी मिळते. तिथल्या टक्केवारीशी आमची तुलना करणाऱ्यानं हा हिशेब आधी मांडावा.

दोन मुकादम कबूल झाले : मतदान दिवाळीनंतर आलं तर टोळी मतदान करूनच हलवू. बाकीचे म्हणाले, कारखान्यावर अवलंबून.

१६ ऑक्टोबर

काल कार्यक्रम जाहीर झाला. मतदान २० नोव्हेंबर, बुधवार. मोजणी २३ ला. ज्याची भीती होती तेच झालं. गाळप १५ नोव्हेंबरपासून ठरलेलं आहे, म्हणजे मतदानाच्या बरोबर आधी. गाळप पुढे ढकला, ऊसतोड मजुरांना मत देऊ द्या, अशी मागणी जिल्ह्यात सगळीकडून होते आहे.

उमेदवारी अर्ज भरायची शेवटची तारीख २९ ऑक्टोबर, आणि नवी नावं त्याच्या दहा दिवस आधीपर्यंतच घेतात. म्हणजे १९ तारखेपर्यंत. तीन दिवस हातात. गायरान वस्तीचे अर्ज आज रात्रीच मोबाइलवरून भरले. तिथे रेंज फक्त टाकीजवळ येते, म्हणून सगळी वस्ती टाकीखाली बसली होती. एकेकाचा फोटो काढायचा, कागद अपलोड करायचा, ओटीपीची वाट बघायची. ओटीपी ज्या पोराच्या फोनवर येणार तो पोरगा पुण्यात, मग त्याला फोन. मध्यरात्र उलटली तरी कोणी घरी गेलं नाही.

१९ ऑक्टोबर

सगळे अर्ज दाखल. पोचपावतीचे क्रमांक वहीत. तहसीलच्या संबंधित टेबलावर एका कर्मचाऱ्यानं आमच्या बायांना "शेवटच्या दिवशी जाग येते का" असं विचारलं. त्या वस्तीचे हेच अर्ज ऑगस्टमध्ये भरले होते, नामंजूर झाले होते, त्याची पावती त्यांच्या हातात होती. ती टेबलावर ठेवली. पुढचं काम मुकाट झालं.

५ नोव्हेंबर

भाऊबीज झाली आणि गाड्या भरायला लागल्या. गावातल्या चौकात ट्रॅक्टरच्या दोन-दोन ट्रॉल्या, त्यात पेट्या, बाजरीची पोती, चुलीचं लोखंड, पाण्याचे ड्रम, शेळ्या, वर बसलेली लेकरं. कबूल झालेल्या दोन्ही मुकादमांच्या टोळ्या थांबल्या आहेत. कर्नाटकात जाणाऱ्या टोळ्या थांबू शकत नव्हत्या, त्या निघाल्या.

निघणाऱ्या प्रत्येक कोयत्याला आम्ही एक चिठ्ठी दिली. मतदाराचं नाव, यादी भाग, अनुक्रमांक, कोणत्या शाळेत केंद्र, ओळखीला काय काय चालतं, वेळ सकाळी ७ ते संध्याकाळी ६. प्लॅस्टिकमध्ये घालून दिली, कारण कोपीत (फडावरच्या झोपडीत) कागद टिकत नाही. मागच्या बाजूला लोकप्रतिनिधित्व अधिनियम १९५१, कलम १३५ ब : मतदानाचा हक्क असलेल्या कामगाराला मतदानाच्या दिवशी सुट्टी आणि त्या दिवसाची मजुरी, रोजंदारीवरच्यालाही. हे मुकादमाला दाखवायला.

या कलमाची आमच्याकडची अडचण मोठी आहे. मालक कोण? कारखान्याच्या हजेरीपटावर तोडकऱ्याचं नाव नसतं. करार मुकादमाशी, आणि मुकादम म्हणतो मीच मजूर. टनावर काम, त्यामुळे एका दिवसाची मजुरी किती हेही ठरलेलं नाही. जिल्हा प्रशासनाला आम्ही पत्र दिलं त्यात हे स्पष्ट लिहिलं आणि एवढंच मागितलं की ज्या जिल्ह्यांत कारखाने आहेत तिथल्या प्रशासनामार्फत कारखान्यांना लेखी कळवावं : १९ ते २१ या तीन दिवसांचा खाडा धरू नये.

१२ नोव्हेंबर

आज गटात जोराची चर्चा झाली. एका उमेदवाराच्या माणसांनी निरोप पाठवला : गाड्या आम्ही पाठवतो, डिझेल आमचं, तुमच्याकडे याद्या आणि फोन नंबर आहेतच, तेवढे द्या.

नाही म्हणून सांगितलं. मतदारांना केंद्रावर फुकट आणण्या-नेण्यासाठी उमेदवारानं वाहन करणं हे १९५१ च्या त्याच अधिनियमाच्या कलम १२३(५) खाली भ्रष्ट आचरण आहे. गटातल्या एका पोराचं म्हणणं होतं की लोक येणं महत्त्वाचं, कोणाच्या गाडीतून आले यानं काय बिघडतं. मला त्याची तळमळ कळते. पण गाडीत बसलेल्या बाईला उतरताना कोणतं बटण दाबायचं ते सांगितलं जातं, आणि परतीची गाडी त्यावर अवलंबून असते. १८ डिसेंबर २०२२ ला राज्यात साडेसात हजारांहून जास्त ग्रामपंचायतींचं मतदान भर हंगामात झालं, तेव्हा फडाफडातून गाड्या भरून माणसं आणली होती आणि रात्रीच परत नेली होती. त्या रात्री थंडीत उघड्या टेम्पोतून लेकरं घेऊन गेलेल्या बाया आमच्या बैठकीत बसलेल्या होत्या. त्यांनीच विषय संपवला. याद्या कोणालाही द्यायच्या नाहीत.

मग एसटीचा हिशेब केला. बायांना अर्धं तिकीट. चार-पाच कोयते मिळून आपल्या खर्चानं जीप करत असतील तर तो त्यांचा अधिकार, त्यात कोणाचा पैसा नको. गावातल्या भिशीतून बायांनी एकमेकींना भाड्यापुरते उसने द्यायचं ठरवलं, परतफेड पट्टा पडल्यावर. मतदानाच्या आदल्या दिवशी बऱ्याच बस निवडणुकीच्या कामाला जातात, म्हणून १८ तारखेलाच निघा असं फोनवर सगळ्यांना कळवलं.

२० नोव्हेंबर

पहाटे साडेपाचपासून शाळेच्या फाटकापासून शंभर मीटरच्या बाहेर टेबल टाकून बसलो. नाव शोधून देणं, केंद्राची खोली सांगणं, एवढंच काम. टेबलावर कोणाचं चिन्ह नाही, रंग नाही.

थांबलेल्या दोन टोळ्या साडेसातलाच रांगेत. त्यांच्या गाड्या बाहेर भरून उभ्या होत्या. मत दिलं की थेट निघणार. नऊच्या सुमारास सोलापूरकडून रात्रभर प्रवास करून आलेलं एक जोडपं उतरलं. बाईच्या दोन्ही हातांची बोटं वाढ्यानं चिरलेली होती. आत डाव्या तर्जनीला शाई लावली तशी ती चिरीत गेली आणि झोंबली, असं बाहेर येऊन तिनं सांगितलं. बोट ओठांशी धरून फुंकर घालत होती. "नाव वाचलं बाई त्यांनी माझं मोठ्यानं," हे तिनं दोनदा सांगितलं.

गायरान वस्तीच्या ज्यांचे अर्ज ऑक्टोबरमध्ये मंजूर झाले त्यांची नावं पुरवणी यादीत होती. केंद्रावरच्या अधिकाऱ्यांनी आधी मूळ यादी पाहून नाही म्हटलं. पुरवणीचं पान आम्ही आधीच शोधून चिठ्ठीवर लिहिलं होतं, ते दाखवल्यावर सापडलं.

दुपारी वाईट प्रसंग झाला. एक माणूस सांगलीच्या बाजूनं आला, आत गेला आणि पाच मिनिटांत बाहेर. त्याच्या नावावर कोणी तरी आधीच मत देऊन गेलं होतं. तो परत निघाला होता. थांबवलं, आत केंद्राध्यक्षांकडे पुन्हा पाठवलं : प्रदत्त मत मागा, नियम ४९ पी. ओळख पटली, कागदाची मतपत्रिका मिळाली, त्यानं शिक्का मारला. ते मत यंत्रात जात नाही, वेगळ्या पाकिटात बंद होतं आणि नेहमीच्या मोजणीत धरत नाहीत. न्यायालयात वाद गेला तरच त्याला महत्त्व येतं. हे मी त्याला लपवलं नाही. त्यानं विचारलं, "मग माझं मत झालं का नाही?" मी म्हटलं, तुमच्या नावावर दुसऱ्यानं मत दिल्याची नोंद आता सरकारी कागदावर झाली, ती तुम्ही परत गेला असता तर झाली नसती. तो समाधानी झाला नाही. व्हायचं कारणही नाही. बाहेर राहणाऱ्याच्या नावावर मत पडणं सोपं असतं, कारण तो येणारच नाही असं धरलेलं असतं. तक्रार लेखी दिली.

संध्याकाळी सहाला दहा मिनिटं असताना एक जीप आली. पळतच सगळे फाटकाच्या आत. सहाला जे आवारात रांगेत असतात त्या सगळ्यांना चिठ्ठ्या देतात आणि कितीही उशीर झाला तरी मत घेतात. रांगेच्या शेवटाकडून चिठ्ठ्या वाटत आले. त्या जीपमधल्या प्रत्येकाचं मत झालं.

२४ नोव्हेंबर

राज्याचं मतदान ६६.०५ टक्के. जिल्ह्यातले निकाल सगळ्यांनी पाहिले. आमच्या नोंदीत ते लिहायचे नाहीत असं पहिल्या दिवशीच ठरलंय.

दोन दिवस फोन चालू आहेत. कर्नाटकातल्या टोळ्यांतून जवळजवळ कोणी येऊ शकलं नाही. कोल्हापूर-सांगलीतून काही कुटुंबांतले फक्त पुरुष आले, बाया लेकरं आणि बैलांपाशी थांबल्या. हे पुन्हा पुन्हा ऐकू आलं. भाडं एकाचंच परवडत असेल तर पुरुष जातो, तिकीट तिचं अर्धं असूनही. ज्या मुकादमांनी टोळ्या थांबवल्या त्यांच्याकडे बायांचं मतदान पुरुषांइतकंच झालं. पुढच्या वेळी भाड्यावर जोर द्यायचा की टोळी थांबवण्यावर, याचं उत्तर मला यात दिसतं.

१९ जानेवारी २०२५

सातारा जिल्ह्यात फडावर आलो. संध्याकाळी कोप्यांपुढे बसून बोललो. पोरं रिमोट मतदानाचं विचारत होती, कोणी तरी व्हिडिओ पाहिला होता. निवडणूक आयोगानं डिसेंबर २०२२ मध्ये असं यंत्र पुढे आणलं होतं, एका यंत्रावर ७२ मतदारसंघांपर्यंत मतं घेता येतील असं. जानेवारी २०२३ मध्ये पक्षांना दाखवायला बोलावलं, बहुतेक विरोधी पक्षांनी हरकत घेतली आणि विषय तिथेच राहिला. यंत्राबद्दलच्या शंका मोडीत काढण्यासारख्या नाहीत. पण सैनिकाला टपाली मत आहे, निवडणूक कर्मचाऱ्याला आहे, ८५ वर्षांवरच्यांना घरी येऊन मत घेतात. त्याच देशात हंगामी मजुरासाठी काहीच नाही, हे मला मान्य होत नाही. हा विषय आयोगाकडे लावून धरायचा. कोपीतल्या बायांचं म्हणणं मी शब्दशः लिहून घेतलं आहे, निवेदनात तेच जाईल.

२५ जानेवारी हा मतदार दिन. त्या दिवशी गावात कार्यक्रम होतात, शपथ होते. शपथ घेणारी निम्मी माणसं इथे पाचट पेटवून शेकत बसलेली. म्हणून आम्ही अर्ज इथेच भरून घेतले. अठरा पूर्ण झालेली आणि होऊ घातलेली पोरं-पोरी, पत्ता गावचा, पुरावा गावचा.

३० मार्च

पाडवा. यंदा हंगाम लवकर आटोपला, बहुतेक टोळ्या गुढी उभारायला घरी आहेत. उचल फिटली नाही असं अनेक घरांत ऐकलं. साखरेचा उतारा कमी आणि ऊसही कमी, त्यामुळे पुढच्या हंगामाची बाकी आत्ताच अंगावर. हे मतदानाच्या नोंदीत लिहिते आहे, कारण बाकी असलेला माणूस मुकादमाकडे तीन दिवस मागू शकत नाही.

भिशीतली भाड्याची उसनवारी परत यायला लागली आहे. ऑगस्टमधल्या त्या मुलीला अठरा पूर्ण झाले. ती स्वतः टेबलापाशी आली, अर्ज स्वतः वाचला, सही केली.

१ मेच्या ग्रामसभांसाठी ठरावाचा मसुदा तीन ग्रामसेवकांना दिला, चौथे रजेवर आहेत. मागण्या दोन : यादीची घरोघरची पडताळणी ऊसतोडीच्या गावांत मे ते ऑगस्टमध्ये व्हावी, आणि हंगामी कुटुंबांचा तो कागद बीएलओच्या वहीचा कायमचा भाग व्हावा. सोमवारी ईदची सुट्टी. मंगळवारी १ एप्रिल, नव्या अर्हतेची (अठरा पूर्ण धरायची) तारीख. फडात भरलेले आणि आज भरलेले अर्ज एकत्र करून त्याच दिवशी तहसीलला द्यायचे, पोचपावत्या घेऊनच परतायचं.